दुसऱ्या बेसवरचा फुकट्या

ताई पंच म्हणून मैदानात उतरली की प्रेक्षकांची मोठी गैरसोय व्हायची. बेसबॉल असो नाहीतर दुसरा कुठला खेळ, पंचाला घालायची पहिली शिवी जगभर एकच असते: "आंधळी झालीस का? चष्मा लाव!" आता ही बाई सोमवार ते शनिवार चष्म्याच्या दुकानात, मागच्या खोलीत बसून काचा घासणारी. मैदानावरच्या निम्म्या लोकांच्या नाकावरचे चष्मे तिच्याच हातचे. तिला कुठल्या तोंडाने म्हणणार? तरी म्हणायचेच हो, लोकांच्या जिभेला हाड थोडंच असतं. मग ताई त्या दिशेला वळून शांतपणे म्हणायची, "उद्या दुकानात ये. तुझाच नंबर वाढलेला दिसतोय." आणि खरंच पुढच्या आठवड्यात त्यातला एखादा गुपचूप येऊन डोळे तपासून जायचा.

तिचं काम बघायला हवं होतं तुम्ही. फिरत्या चाकावर पाण्याची धार, दोन बोटांत काच, कडा घासायची, फ्रेममध्ये बसवून बघायची, काढायची, पुन्हा घासायची. दुकानाचा मालक कधी घाईत म्हणायचा, "बसली की गं जवळपास, दे आता." ताईच्या डोक्यात जायचं ते. काच एकतर बसते नाहीतर बसत नाही, जवळपास कशी बसेल? गिऱ्हाईक दारात ताटकळत उभं राहिलं तरी चालेल, पण काच हलता कामा नये. स्वभावच असा, त्याला कोण काय करणार!

आणि या बाईचा सख्खा धाकटा भाऊ बेकरीच्या संघात.

भाऊ भट्टीवर होता. पहाटेपासून लांब दांड्याच्या फळीने पाव आत सारायचे आणि बाहेर ओढायचे. दंड असे की फळीच वाटावी. चेंडू बॅटवर नीट आला तर कुंपणापार. पण पळायला लागला की बघवत नसे. संघात त्याचं नाव गाडा. ओझ्याने भरलेला गाडा चढावर जसा जातो, तसा तो पहिल्या बेसकडे जायचा. वर्षानुवर्षं भट्टीसमोर उभं राहून गुडघेही कुरकुरायला लागले होते, आणि डॉक्टरने यंदा निक्षून सांगितलं होतं की हा हंगाम खेळ, पुढच्या वर्षी बाकावर बसून टाळ्या वाजव.

आई गेली तेव्हा हा शाळेत नुकता जायला लागला होता. ताईनेच वाढवला. लाड केले नाहीत असं नाही, पण न्यायाच्या बाबतीत काटेकोर. पुढे त्याचं लग्न झालं, नवरा-बायकोत वाजलं की खटला ताईपुढे. निकाल ठरलेला, भाऊ दोषी. "कुणाची नणंद असते हो अशी!" त्याची बायको सगळ्यांना कौतुकाने सांगायची. भाऊही वरवर फणफणायचा, पण आतून त्याला अभिमानच होता. बेकरीत पिठाच्या पोत्यावर बसून तो ऐकवायचा, "आमची ताई म्हणजे ताई! सख्ख्या भावाला सूट नाही. उलट मला जरा जास्तच कडक. अटीतटीचा निर्णय असला की मी गेलोच समजा."

हे मात्र खरं होतं. बेसबॉलमध्ये माणूस बेसवर सहज पोचला तर पंचाला काही बोलावंच लागत नाही. बोलावं लागतं ते चेंडू आणि पाय एकाच वेळी येतात तेव्हा. पाय आधी असेल तर पंच दोन्ही हात आडवे पसरून "सेफ!" म्हणतो, चेंडू आधी असेल तर मूठ वर करून "आउट!" आणि इतक्या वर्षांत अशा अटीतटीच्या वेळी ताईने भावासाठी हात पसरले असतील तर शपथ! दर वेळी मूठ. लीगमध्ये सगळ्यांना ठाऊक होतं. लोक म्हणायचे, नाव खराब होऊ नये म्हणून बिचाऱ्या भावाचा बळी देते. भाऊही तसंच समजायचा आणि मान खाली घालून बाकावर येऊन बसायचा. कधी वाद घातला नाही. पण मनात एकच होतं त्याच्या, आणि ते त्याने बायकोला एकदा भांडी घासता घासता सांगितलं होतं. "हंगाम संपायच्या आत एकदा तरी तिने माझ्यासाठी हात पसरावेत गं. एकदा. बाकी मला काही नको."

आता त्या फुकट्याची गोष्ट.

ही सगळी लीग कामगारांची. बेकरी, बसडेपो, छापखाना, लाँड्री, असे संघ. रविवारी दुपारी पाण्याच्या टाकीमागच्या मैदानावर सामने. दोन्ही संघांनी नऊ-नऊ डाव फलंदाजी करायची, तीन गडी बाद झाले की डाव संपला. चार बेसना वळसा घालून होमवर, म्हणजे जिथून चेंडू मारला तिथे, परत आलं की एक रन. इथवर सोपं आहे. पण नऊ डाव झाले आणि रन सारखेच असले तर? क्रिकेटसारखं 'अनिर्णित' म्हणून चहा प्यायला जायची सोय बेसबॉलमध्ये नाही. दहावा डाव खेळा. तरी बरोबरी? अकरावा खेळा. कुणीतरी पुढे जाईपर्यंत खेळतच राहा. मैदानावर दिवे असतील तर ठीक, पण इथे कुठले दिवे? एकदा लाँड्री आणि छापखान्याचा सामना असा चिघळला की सूर्य टाकीमागे गेला तरी कुणी हटेना. चेंडू दिसेना, नुसता आवाज यायचा. शेवटी तो लाँड्रीवाल्या एकाच्या तोंडावर बसला आणि पुढचे दात गेले. तेव्हा कुठे सामना थांबला.

त्यानंतर बेकरीच्या अंगणात सगळ्या संघांची बैठक झाली. ताई उभी राहिली. म्हणाली, "मोठ्या लीगमध्ये करतात तसं करू. दहाव्या डावापासून प्रत्येक संघाचा एक माणूस आधीच दुसऱ्या बेसवर उभा करायचा. अर्धी वाट चाललेला माणूस असला की रन लवकर होतो, निकाल लागतो, आणि सगळे आपापले दात घेऊन घरी जातात."

झालं, आगडोंब उसळला. "म्हणजे न मारता, न पळता दुसऱ्या बेसवर? फुकटात?" आणि सगळ्यात मोठ्याने कोण ओरडत होतं माहीत आहे? तिचाच भाऊ. "ताई, ही भीक झाली! पहिला बेस मी घाम गाळून घेतो, तेव्हा कुठे दुसऱ्याचं तोंड दिसतं. फुकट मिळालेल्या बेसवर उभं राहायला मला लाज वाटेल."

"भीक एकाला घालतात," ताई म्हणाली. "हे दोघांना सारखं आहे. आणि कुणाला उभं करायचं हेही तुमच्या मर्जीवर नाही. आधीच्या डावात जो सगळ्यात शेवटी फलंदाजीला आला, तोच. नाहीतर दर वेळी ससे आणून उभे कराल, माहीत आहात तुम्ही सगळे."

नियम मंजूर झाला. दुसऱ्या बेसवरच्या त्या माणसाला लोकांनी लगेच नाव ठेवलं, फुकट्या. ताई सोडून सगळे तेच म्हणायला लागले.

हंगामाचा शेवटचा सामना बेकरी विरुद्ध बसडेपो असा होता. जो जिंकेल तो लीगचा विजेता. डेपोचा कप्तान मेकॅनिक होता, मिशा पिळणारा, बोलका, जरा आगाऊच म्हणा. बेकरीचा कप्तान पॅकिंग खात्यातला, काटकुळा आणि कायम काळजीत. लीगला पंच एकच परवडायचा, आणि तो म्हणजे ताई. चारही बेसवर तिलाच धावायचं.

नववा डाव, शेवटची फलंदाजी बेकरीची. रन सारखे. दोन गडी बाद, तिसऱ्या बेसवर बेकरीचा एक जण टपून बसलेला. अशा वेळी बॅट घेऊन आला गाडा. त्याने चेंडू जमिनीवरून सणसणीत मारला आणि पळत सुटला. तो पहिल्या बेसवर सेफ ठरला असता तर तिसऱ्यावरचा होमला आल्याचा रन धरला गेला असता आणि सामना तिथेच संपला असता. डेपोच्या पोराने चेंडू अडवून पहिल्या बेसकडे फेकला. चेंडू आणि पाय, दोन्ही एकदम. ताई धावत जवळ पोचली होती. मूठ वर गेली.

"आउट!"

बेकरीवाल्यांनी डोक्याला हात लावले. डेपोचा मेकॅनिक तर नाचायलाच लागला. "वा ताई, वा! पंच असावी तर अशी! सख्ख्या भावाला सोडलं नाही!" भाऊ बेसवर कमरेवर हात ठेवून धापा टाकत होता. बहिणीकडे त्याने एकदा बघितलं. ते बघणं बेकरीच्या बाकावर बसलेल्या त्याच्या बायकोला सहन झालं नाही. आयुष्यात पहिल्यांदा तिला नणंदेचा राग आला.

दहावा डाव. आधी डेपो. त्यांचा फुकट्या दुसऱ्या बेसवर उभा राहिला, तिसऱ्यापर्यंत पोचला, आणि तिथेच अडकला. तिसरा गडी भावानेच पहिल्या बेसवर चेंडू पकडून बाद केला. डेपो शून्य. आता बेकरीला एकच रन हवा होता.

आणि तेव्हा सगळ्यांच्या डोक्यात प्रकाश पडला. नवव्या डावात बेकरीचा शेवटचा फलंदाज कोण होता? गाडा!

पॅकिंगवाला कप्तान धावतच ताईकडे गेला. "ताई, त्याच्या जागी आपल्या डिलिव्हरीच्या पोराला उभं करू का? सायकलवरून पाव पोचवतो, वाऱ्यासारखा पळतो."

"तो आधीच खेळतोय, त्याची फलंदाजीची पाळी पुढे यायची आहे. राखीव कुणी आहे?"

राखीव होते कुठे? एक आधीच खेळून बाहेर बसला होता, आणि बाहेर गेलेल्याला परत येता येत नाही. दुसरा पाय मुरगळून घरी. मेकॅनिक तिकडून हसत हसत आला. "नियम म्हणजे नियम हं ताई! शेवटी जो आला तोच उभा राहणार. गाडाच हवा आम्हाला!" आणि डेपोचा अख्खा संघ खो-खो हसला.

"तोच उभा राहील," ताई म्हणाली. "हसून झालं असेल तर जागेवर जा."

भावाची पावलं दुसऱ्या बेसकडे निघेनात. ज्या फुकटेपणावर तो बैठकीत घसा कोरडा करून बोलला होता, तोच त्याच्या वाट्याला आला होता. त्यातून बहिणीने आउट दिलं म्हणून आला होता. ताईजवळून जाताना तो पुटपुटला, "आधी आउट द्यायचं आणि मग फुकट बेस द्यायचा. चांगलं आहे तुझं." ताईने ऐकलं, पण पंच काम करत असताना ती कुणाची बहीण नसायची. ती चेंडू पुसत राहिली.

पहिला फलंदाज झेलबाद झाला. दुसऱ्याने उजव्या बाजूला लांब मारला. चेंडू टप्पा घेत मैदानात गेला आणि गाडा सुटला. तिसऱ्या बेसजवळ उभा असलेला पॅकिंगवाला दोन्ही हात वर करून किंचाळत होता, "थांब! इथेच थांब!" शहाण्या माणसाने थांबायलाच हवं होतं. पण फुकट मिळालेल्या बेसवरून सुटलेला तो माणूस शहाणपणाच्या पलीकडे गेला होता. त्याने तिसरा बेस ओलांडला. मैदानातून चेंडू निघाला, सरळ होमकडे. होमवर चेंडू झेलणारा कॅचर, डेपोचा एक जाडजूड कंडक्टर, रस्ता अडवून उभा. भावाने आयुष्यात कधी केलं नव्हतं ते केलं. अंग बाहेरच्या बाजूला झोकून घसरत गेला आणि हात मागे टाकून होमची कड चाचपली. त्याच क्षणी कंडक्टरचा चेंडू धरलेला ग्लव्ह त्याच्या खांद्यावर आदळला. धुळीचा असा लोट उठला की दोघेही दिसेनात.

भावाने डोळे मिटले होते. हात आधी लागला की ग्लव्ह आधी लागला, देवाला ठाऊक. त्याला एवढंच कळत होतं की आता मूठ वर जाणार. त्याने मनाची तयारीही केली. इतकी वर्षं केली होती, अजून एकदा.

धूळ खाली बसली. ताई गुडघ्यावर बसून होमच्या कडेशी वाकली होती. ती उठली. तिने दोन्ही हात आडवे पसरले, अगदी खांद्याच्या रेषेत, बोटांच्या टोकापर्यंत ताठ.

"सेफ!"

बेकरीवाल्यांना क्षणभर समजलंच नाही. मग जो गलका झाला तो विचारू नका. पण मेकॅनिकच्या नाकाला मिरच्या झोंबल्या होत्या. तो तरातरा आला. "हे काय चाललंय? भाऊ म्हणून दिलंस! नवव्या डावात आउट दिलंस त्याची भरपाई केलीस! सगळं कळतं आम्हाला!"

गलका थांबला. कारण, खरं सांगायचं तर, हे बेकरीवाल्यांच्याही मनात आलं होतं. भावाच्याही.

ताईने तोंडावरचा पंचाचा जाळीदार मुखवटा काढला. कपाळावर त्याचा वळ उठला होता. आवाज न चढवता ती म्हणाली, "मघाशी याला आउट दिलं तेव्हा तू 'वा ताई' म्हणून नाचलास. तेव्हा हा माझा भाऊ नव्हता का?"

ताई कंडक्टरकडे वळली. "तुला काय वाटतं?" कंडक्टर ग्लव्ह काढत होता. तो म्हणाला, "मला काय वाटायचं? धूळ होती. तू जवळ होतीस." आणि तो पाणी प्यायला निघून गेला. मेकॅनिक थोडा वेळ मिशीशी चाळा करत उभा राहिला, मग त्यानेही पाय काढता घेतला. तसा मनाने वाईट नव्हता तो.

बेकरीवाल्यांनी गाड्याला खांद्यावर घ्यायचा प्रयत्न केला. तो काही उचलला गेला नाही, म्हणून त्याला नुसतेच धपाटे घातले. हसत होता, पण मन थाऱ्यावर नव्हतं. ज्याची इतकी वर्षं वाट बघितली ते हात पसरले गेले होते, आणि आता ते खरे की दयेचे, या शंकेने जीव पोखरायला घेतला होता. दयेचे असतील तर? म्हणजे बेसही फुकट आणि रनही फुकट. आणि त्याच्यापायी ताईचं नाव धुळीला मिळालं असेल तर त्याने स्वतःला कधी माफ केलं नसतं.

घराची वाट दोघांची एकच. उजेड अजून होता. दुकानं बंद, फूटपाथवर पोरं चेंडू खेळत होती. ताईच्या हातात मुखवटा, त्याच्या खांद्यावर बॅट. शेवटी त्याच्याने राहवेना.

"ताई, खरं सांग. नवव्या डावात काय होतं?"

"आउट."

"नक्की?"

"चेंडू ग्लव्हमध्ये होता आणि तुझा पाय हवेत होता. काय सांगू अजून?"

त्याने बॅट दुसऱ्या खांद्यावर घेतली. "मग गेल्या वर्षी छापखान्याशी? तिसऱ्या बेसवर?"

"आउट."

"आणि त्याआधी लाँड्रीच्या सामन्यात? तेव्हा तर लोकसुद्धा म्हणाले होते की..."

"आउट होतास रे बाबा!" ताई थांबलीच रस्त्यात. "सगळ्या वेळी आउट होतास. तू हळू आहेस! लोकांना वाटतं मी नावासाठी तुझा बळी देते, ते मला माहीत आहे. लोकांना काय वाटायचं ते वाटू दे. पण तुलाही तसंच वाटायचं?"

भावाने मान खाली घातली. पिठाच्या पोत्यावर बसून इतकी वर्षं सांगितलेली ती कथा, बहिणीच्या कडक न्यायाची आणि आपल्या मोठ्या मनाची, अशी भर रस्त्यात जमीनदोस्त झाली होती. कुणी अन्याय केलाच नव्हता. गाडा नुसता गाडाच होता. त्याला हसूही आलं आणि लाजही वाटली.

"आणि आज?" त्याने विचारलं. आवाज लहानपणी शाळेतून येऊन काहीतरी मागायचा ना, तसा झाला होता.

ताईने त्याच्या शर्टाच्या बाहीवरची धूळ झटकली. मग त्याचा उजवा हात धरून उलटा केला. बोटांच्या टोकांना होमच्या कडेचा पांढरा चुना लागला होता. पण ते दाखवायला तिने हात धरला नव्हता. कोपर सोललं होतं, तिकडे तिचं लक्ष होतं.

"घरी जाऊन आधी हे धू," ती म्हणाली. "आणि ऐक. दुसऱ्या बेसवर तुला नियमाने उभं केलं. तिथून पुढे तू आलास. मी तुला कधी काही दिलं नाही. आजही दिलं नाही."

एवढं बोलून ती आपल्या गल्लीत वळली. तो कोपऱ्यावर तसाच उभा राहिला, बॅट खांद्यावर, आणि ती दिसेनाशी होईपर्यंत बघत राहिला. कुरकुरणाऱ्या गुडघ्यांनी जिना चढून तो घरी आला तेव्हा बायको त्याच्या आधी पोचून दारात उभी होती. डोळे अजून रागाने लाल. "तुमची ताई! आधी बळी घेतला, आणि शेवटी आलीच ना दया भावाची?"

भावाने बॅट भिंतीला टेकवली.

"दया नाही गं," तो म्हणाला. "सेफ होतो मी."